नकाशावरची कोरी जागा

मागच्या महिन्यात आमच्या विंगमध्ये 'इन्टू द वाइल्ड' हा सिनेमा लावला होता. लॅपटॉप एक आणि बघणाऱ्या आम्ही अकरा जणी. संपला तेव्हा रात्रीचा एक वाजला होता, सकाळी जर्नल सबमिशन होतं, आणि तरी खोलीत एकच चर्चा चालली होती : "यार, एकदा तरी सगळं सोडून असं निघून जायला पाहिजे. जिथे कुणी म्हणजे कुणीच नाही, नुसता बर्फ आणि डोंगर!"

मी गप्प बसले. कारण मी ते पुस्तक आधी वाचलं होतं आणि त्यानंतर अलास्काचीच आणखी दोन पुस्तकं वाचली होती. आता "जिथे कुणीच नाही" हे वाक्य मला खटकतं. का खटकतं, ते सांगायला हा लेख.

आधीच कबूल करते, मी कॉन्व्हेंटमधली. मराठी घरी बोलते, पण लिहायची वेळ दहावीनंतर आत्ताच आली. ऱ्हस्व-दीर्घाच्या चुका संपादकांनी सुधारल्या असतीलच, उरलेल्या पदरात घ्या.

तर, जॉन क्राकावर यांचं 'इन्टू द वाइल्ड' हे पुस्तक १९९६ सालचं. क्रिस मॅकँडलेस नावाचा २४ वर्षांचा अमेरिकन मुलगा एप्रिल १९९२ मध्ये अलास्कातल्या स्टॅम्पीड ट्रेलवर एकटा चालत गेला. बरोबर थोडा तांदूळ, एक रायफल आणि पुस्तकं. जंगलात एक जुनी, सोडून दिलेली बस होती, तिथे तो राहिला. जुलैमध्ये परत निघाला, तर येताना सहज ओलांडलेली टेक्लानिका नदी उन्हाळ्याच्या वितळलेल्या बर्फाने फुगली होती. तो बसकडे परत फिरला आणि ऑगस्टमध्ये उपासमारीने तिथेच गेला.

सिनेमा बघून आपण इथे रडतो. पुस्तकातल्या दोन गोष्टींनी मात्र मला रडण्याऐवजी विचारात पाडलं. पहिली, त्या नदीवर थोड्याच अंतरावर तारेवरून हाताने ओढत नेायचा एक पाळणा होता. त्यात बसून पलीकडे जाता आलं असतं. पण त्याच्याकडे नीट नकाशा नव्हता. दुसरी, ती बस आकाशातून पडली नव्हती. १९६१ च्या सुमारास तिथे रस्त्याचं काम चाललं होतं, त्या कामगारांना राहण्यासाठी ती आणली होती. म्हणजे ज्याला तो 'माणसांपासून दूर' म्हणत होता, तिथेही त्याच्या डोक्यावरचं छप्पर कुण्या बांधकामवाल्यांनी सोडलेलं होतं!

पुढे ती बस एक तीर्थक्षेत्रच झाली. ती बघायला जाताना २०१० मध्ये एक आणि २०१९ मध्ये एक, अशा दोन तरुणी त्याच नदीत बुडाल्या. शेवटी जून २०२० मध्ये सरकारने हेलिकॉप्टरने ती बस उचलून नेली. क्रिसला मी वेडा म्हणणार नाही. पण ज्या प्रदेशाला त्याने कोरा कागद समजलं, तो कोरा नव्हता.

दुसरं पुस्तक अगदी छोटं आहे, एका रविवारी संपतं. व्हेल्मा वॉलिस यांचं 'टू ओल्ड विमेन', १९९३ चं. लेखिका अलास्कातल्या ग्विचिन समाजाची. आईकडून ऐकलेली जुनी गोष्ट तिने लिहून काढली. भयंकर हिवाळा, अन्न संपलेलं, आणि टोळी आपल्यातल्या दोन म्हाताऱ्यांना मागे सोडून पुढे निघून जाते. एक ८० वर्षांची, दुसरी ७५ ची. दोघी आधी रडतात, चिडतात, मग ठरवतात की मरायचंच असेल तर काहीतरी करून मरू. सशांसाठी फास लावतात, बर्फात चालायचे जोडे बनवतात, निखारे जपून एका मुक्कामावरून दुसऱ्या मुक्कामावर नेतात, लहानपणी पाहिलेली मासे मिळायची जागा आठवून तिथवर चालत जातात. आणि जगतात!

ही दोन्ही पुस्तकं लागोपाठ वाचून बघा. प्रदेश साधारण तोच, थंडी तीच, भूक तीच. २४ वर्षांचा धडधाकट मुलगा जातो आणि ८० वर्षांची आजी तरते. फरक ताकदीचा नाही. तिच्याकडे त्या जागेची माहिती होती, जी कुठल्याही पुस्तकात नव्हती, पिढ्यान्‌पिढ्या तोंडातोंडी आलेली होती. आपण व्हायवाला जाताना जे पाठ करतो तेवढंच ज्ञान, असं समजणाऱ्या माझ्यासारखीला हा चांगलाच दणका होता.

पण माझ्या दृष्टीने सगळ्यात महत्त्वाचं तिसरं पुस्तक, डॅन ओ'नील यांचं 'द फायरक्रॅकर बॉइज', १९९४ चं. ते प्रत्येक इंजिनिअरिंगवाल्याने वाचावं असं मला मनापासून वाटतं.

१९५८ साली अमेरिकेच्या अणुऊर्जा आयोगाने एक योजना आणली, नाव 'प्रोजेक्ट चॅरियट'. अलास्काच्या वायव्य किनाऱ्यावर केप थॉम्पसनजवळ अणुस्फोट करून समुद्रात बंदर खोदायचं. कल्पनेमागे कोण, तर एडवर्ड टेलर, हायड्रोजन बॉम्बचे जनक म्हणून प्रसिद्ध असलेले शास्त्रज्ञ. मूळ आराखडा २.४ मेगाटनांचा होता. हिशोब करून बघा, हिरोशिमाच्या बॉम्बच्या दीडशे पटींहून जास्त. बंदर कशासाठी? तिथला समुद्र वर्षातले बहुतेक महिने गोठलेला असतो. मोठं गाव नाही, रस्ता नाही, रेल्वे नाही. तरीही जागा निवडली, कारण नकाशावर ती मोकळी दिसत होती.

मोकळी? तिथून साधारण ५० किलोमीटरवर पॉइंट होप हे इनुपियाट लोकांचं गाव होतं आणि आहे. उत्तर अमेरिकेतल्या सर्वांत जुन्या, सलग वस्ती असलेल्या गावांमध्ये त्याची गणना होते. ही माणसं देवमासा मारायची, कॅरिबू हरणांची शिकार करायची, केप थॉम्पसनच्या कड्यांवरून पक्ष्यांची अंडी गोळा करायची. म्हणजे ज्याला आराखड्यात 'रिकामी साइट' समजलं होतं, ते यांचं स्वयंपाकघर होतं.

१९५९ मध्ये गावाच्या पंचायतीने विरोधाचा ठराव केला. मार्च १९६० मध्ये आयोगाचे अधिकारी गावात येऊन धोका नसल्याचं समजावू लागले. गावकऱ्यांनी ती अख्खी सभा टेपरेकॉर्डरवर रेकॉर्ड करून ठेवली! १९६१ मध्ये त्यांनी थेट राष्ट्राध्यक्ष केनेडींना पत्र लिहिलं. दरम्यान पर्यावरणाचा अभ्यास करायला गेलेल्या शास्त्रज्ञांच्या लक्षात एक साखळी आली. लायकेन, म्हणजे दगडफूल, याला मुळं नसतात, त्याला लागणारं सगळं ते हवेतून घेतं. त्यामुळे स्फोटांची किरणोत्सारी धूळ थेट त्याच्यात साठते. हिवाळ्यात कॅरिबू दगडफूल खातात, आणि माणसं कॅरिबू खातात. पुढचं सांगायला नको.

१९६२ मध्ये योजना गुंडाळली गेली. पण किंमत काहींनी मोजलीच. विल्यम प्रुइट आणि लेस्ली व्हिरेक या दोन शास्त्रज्ञांना खरं बोलण्यापायी अलास्का विद्यापीठातलं काम गमवावं लागलं. त्याच विद्यापीठाने १९९३ मध्ये त्यांना सन्माननीय डॉक्टरेट दिली. तीस वर्षांनी! १९६२ सालीच पॉइंट होपच्या हॉवर्ड रॉक यांनी 'टुंड्रा टाइम्स' हे मूळ रहिवाशांचं वर्तमानपत्र सुरू केलं. त्यांची जमीनहक्काची चळवळ वाढत गेली आणि १९७१ मध्ये त्यांच्या हक्कांचा कायदा झाला.

आता कुणी म्हणेल, "म्हणजे इंजिनिअरने काही बांधायचंच नाही का?" नाही हो! त्याच अलास्कात १९७७ मध्ये तेलाची पाइपलाइन पूर्ण झाली. लांबी सुमारे १,२८७ किलोमीटर, व्यास ४८ इंच. खालची जमीन कायमची गोठलेली, तेल गरम. पुरली असती तर जमीन वितळून पाइप खचला असता. म्हणून निम्म्याहून जास्त लाइन खांबांवर उचलली आणि जिथे गरज तिथे खांबांत अमोनियाच्या नळ्या बसवल्या, ज्या हिवाळ्यात जमिनीतली उष्णता बाहेर काढतात. त्या पाइपलाइनवरही वाद झाले, पण एक गोष्ट मला आवडते : तिथे जमिनीला आधी विचारलं आणि मग डिझाइन केलं. माणसांना विचारणं मात्र आपोआप झालं नाही. जमिनीच्या हक्काचा प्रश्न सुटल्याशिवाय लाइन टाकता येणार नव्हती, म्हणून तोही सुटला.

हे सगळं दूरचं वाटत असेल, तर आमच्या सर्व्हे कॅम्पची गोष्ट सांगते. आमच्या बॅचला एका टेकडीचा उतार दिला होता. शीटवर एक पट्टा पांढराच राहिला, म्हणून मी त्यावर 'पडीक' लिहिलं. शेळ्या घेऊन आलेल्या एका आजींनी विचारलं, "काय लिवलंस गं पोरी?" मी वाचून दाखवलं. त्या हसल्या. म्हणाल्या, "पडीक कशानं? त्या बाभळीखाली झरा हाय. वैशाखात वाडीला त्येचंच पानी." मी बघून आले. खरंच होता, हाताच्या ओंजळीएवढा.

पण लेव्हल्स घेऊन झाल्या होत्या, बस यायची होती. झरा शीटवर गेलाच नाही. शीटला चांगले मार्क मिळाले. ते मार्क आजही मला टोचतात. उद्या त्या शीटवरून कुणी डंपिंगची जागा ठरवली असती, तर? आमची शीट कॉलेजच्या कपाटात पडून राहणार हे माझं नशीब. नोकरीतली शीट कपाटात पडून राहत नाही.

म्हणून दोन मागण्या. पहिली ग्रंथपाल सरांकडे : वर सांगितलेली तीन पुस्तकं लायब्ररीत घ्या, आणि ती कथा-कादंबऱ्यांच्या कपाटात न ठेवता सर्व्हेइंगच्या पुस्तकांशेजारी ठेवा. दुसरी डिपार्टमेंटकडे : सर्व्हे कॅम्पच्या रिपोर्टमध्ये एक पान वाढवा, 'इथल्या माणसांनी काय सांगितलं' या नावाचं. त्याला पाचच मार्क ठेवा. आम्ही पाच मार्कांसाठी काय काय करतो, हे सरांना चांगलं माहीत आहे!

आणि विंगमधल्या माझ्या दहा मैत्रिणींनो, उत्तरेला जायचं असेल तर जरूर जाऊ. तिकिटाचे पैसे जमेपर्यंत पुस्तकं माझ्याकडून न्या. फक्त तिथे पोचल्यावर पहिल्यांदा जे घर दिसेल, त्याचं दार वाजवू आणि विचारू, की नदी कुठून ओलांडायची.