पाहिले कोणी, मानले कोणी?

सातारा जिल्ह्याच्या माण तालुक्यातील कुळकजाई गावात 26 एप्रिल 2007 रोजी मधुकर घाडगे या बौद्ध कार्यकर्त्याचा खून झाला. कारण काय, तर त्यांनी स्वतःच्या जमिनीत विहीर खोदायला घेतली होती! सवर्ण समाजातील 12 जणांवर खटला चालला आणि 2010 मध्ये सातारा सत्र न्यायालयाने सर्वांची पुराव्याअभावी निर्दोष मुक्तता केली. सातारा-सांगलीच्या वस्त्यांतून आजही आम्हाला विचारले जाते, "वकीलसाहेब, आपल्या माणसांनी डोळ्यांनी बघितलं, तरी कोर्ट मानत का नाही?"

कायदा या बाबतीत आपल्या विरोधात नाही. गुन्हा शाबीत करायला अमुक इतके साक्षीदार हवेत अशी अट पूर्वीच्या पुरावा कायद्यात नव्हती आणि 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या नव्या कायद्यातही नाही. पूर्ण विश्वासार्ह असा एकच साक्षीदार पुरेसा आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने वडीवेलू थेवर खटल्यात 1957 सालीच सांगितले. जवळचा नातेवाईक खऱ्या गुन्हेगाराला सोडून भलत्यालाच अडकवील असे सहसा होत नाही, हे तर त्याही आधी, 1953 च्या दलीप सिंग खटल्यात सांगून झाले आहे.

मग घोडे अडते कुठे? ते गावात अडते. बौद्धवस्तीवर हल्ला झाला की पाहणारे कोण असणार? भाऊ, पुतण्या, चुलती. त्यांना बचावपक्ष 'हितसंबंधी' म्हणतो आणि 'स्वतंत्र' साक्षीदार मागतो. ज्या गावात सोसायटी, पाणी, उसाची तोड आणि रोजगार सगळे एकाच आळीच्या हातात आहे, तिथे स्वतंत्र साक्षीदार आणायचा कुठून? नगर जिल्ह्यातल्या खर्ड्यात 2014 साली नितीन आगे या शाळकरी मुलाचा खून झाला. साक्षीदार फितूर झाले आणि नोव्हेंबर 2017 मध्ये सारे आरोपी सुटले.

दुसरी गोम पोलीस ठाण्यात आहे. फिर्याद उशिरा घेतात, जबाबात एखादे नाव गाळतात. पुढे कोर्टात साक्षीदार ते नाव घेतो तेव्हा उलटतपासणीत तीच गोष्ट 'ओमिशन' होऊन त्याच्या गळ्यात पडते. लिहिणाऱ्याची चूक बोलणाऱ्याच्या खात्यावर! अपिलात तर न्यायमूर्तींसमोर साक्षीदार नसतो, फक्त कागद असतो. त्यातून निर्दोष सुटलेल्या आरोपीच्या बाजूने निर्दोषत्वाचे गृहीतक दुप्पट बळकट होते, असे चंद्राप्पा खटल्यातील 2007 चा निकाल सांगतो. कागद कच्चा राहिला की अपिलात तो पक्का होत नाही.

पण एवढेच बोलून थांबलो तर आम्ही अर्धेच बोललो. नाशिकजवळ 2003 मध्ये रात्री एका शेतमजूर कुटुंबावर हल्ला होऊन पाच जणांचा खून झाला. भटक्या जमातीतील सहा जणांना पकडले गेले. खालच्या कोर्टाने सर्वांना फाशी दिली, उच्च न्यायालयाने तिघांची फाशी जन्मठेपेवर आणली, पण 2009 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा सहाही जणांना फाशी सुनावली. आधार होता हल्ल्यातून वाचलेल्या साक्षीदारांचा. प्रत्यक्षात त्यांतील महिलेने घटनेनंतर लगेच पोलिसांच्या फोटोंमधून चार वेगळ्याच माणसांना ओळखले होते! पोलिसांनी त्यांचा पाठपुरावाच केला नाही. 5 मार्च 2019 रोजी त्याच सर्वोच्च न्यायालयाने सहाही जणांना निर्दोष सोडले आणि प्रत्येकी 5 लाख रुपये भरपाई द्यायला सांगितले. त्यातला एक तर घटनेच्या वेळी अल्पवयीन होता.

ती बाई खोटे बोलली असे आम्ही म्हणणार नाही. अंधार, रक्त, दहशत आणि अनोळखी चेहरे, अशा वेळी प्रामाणिक माणूसही चुकतो. नेमका इथेच फरक करायला हवा. ज्याला लहानपणापासून ओळखतो त्याने कुऱ्हाड उगारलेली पाहणे वेगळे आणि कधीच न पाहिलेल्याचा चेहरा काही महिन्यांनी ओळख परेडमध्ये निवडणे वेगळे. पहिल्या साक्षीत प्रश्न नात्याचा आणि वैराचा असतो, दुसरीत आठवणीचा. आमचा आक्षेप असा की, बौद्ध साक्षीदार गावच्या माहितीतल्या माणसाचे नाव घेतो तेव्हा संशय ओतला जातो, आणि पारधी किंवा वडार आरोपी पिंजऱ्यात असला की अनोळखीपणाचा संशय आटून जातो. संशयाचा फायदा घटनेने सर्वांना दिलेला आहे. आपल्या फिर्यादीत तो नको आणि आपल्या आरोपीला मात्र हवा, अशी मागणी चळवळीला करता येणार नाही.

सांगलीने 2017 च्या नोव्हेंबरमध्ये आणखी एक गोष्ट पाहिली. शहर पोलीस ठाण्याच्या कोठडीत एका तरुणाचा मृत्यू झाला आणि पोलिसांनीच मृतदेह आंबोलीत नेऊन जाळल्याचा आरोप झाला. आधी तो पळाला असे सांगितले गेले होते. त्याच्याबरोबर पकडलेला दुसरा आरोपी हा पोलिसांखेरीजचा साक्षीदार. अशा माणसाला 'गुन्हेगाराचा साथीदार' म्हणून झटकायचे, तर कोठडीतले सत्य सांगणार कोण?

म्हणून सातारा-सांगलीतल्या कार्यकर्त्यांनी निषेधाचे निवेदन देण्याआधी फिर्याद वाचून घ्यावी. पाहिलेल्या प्रत्येकाचे नाव, उजेड कशाचा होता, अंतर किती होते, हे पहिल्याच दिवशी जबाबात यावे. महत्त्वाच्या साक्षीदाराचा जबाब दंडाधिकाऱ्यांसमोर नोंदवण्याची मागणी लेखी करावी. पूर्वीचे कलम 164, ते आता नागरी सुरक्षा संहितेत 183 आहे. अॅट्रॉसिटी कायद्याचे कलम 15 अ साक्षीदाराला संरक्षण देते आणि कामकाजाच्या चित्रीकरणाचीही तरतूद करते, तरीही त्यासाठी कोर्टात अर्ज देऊन ठेवावा. आणि विशेष न्यायालयाचा निकाल विरोधात गेला तर अपिलाची मुदत 90 दिवसांची आहे. निकालाची नक्कल त्याच आठवड्यात मागावी.