बगरूच्या वाटेवरचं जयपूर

जयपूरला जायचं ठरलं की पहिला प्रश्न येतो मुक्कामाचा. बहुतेक जण हवामहलाच्या आसपास, जुन्या शहरात खोली शोधतात. खिडकी उघडली की गुलाबी भिंती दिसाव्यात, एवढीच इच्छा असते. पण सहल तीनच दिवसांची असेल, बरोबर गुडघे दुखणाऱ्या सासूबाई असतील आणि गर्दीत लगेच कंटाळणारी मुलं असतील, तर माझं मत वेगळं आहे. वैशाली नगरात राहा.

वैशाली नगर म्हणजे शहराच्या पश्चिमेची, माणसं खरोखर राहतात अशी वस्ती. पर्यटकांसाठी रंगवलेलं इथे काही नाही. आम्रपाली सर्कलभोवती दुकानं, सकाळी दूध-कचोरीला निघालेले आजोबा, संध्याकाळी मुलांना घेऊन चाट खायला आलेली कुटुंबं. रिक्षा किंवा टॅक्सी करून जुन्या शहरात जायचं आणि पाय बोलायला लागले की शांत घरी परतायचं. शिवाय अजमेर रोड इथून जवळ आहे, आणि त्याच रस्त्यावर साधारण तीस किलोमीटरवर बगरू आहे. या सहलीतली माझी सगळ्यात आवडती जागा तीच, पण तिकडे नंतर वळू.

माझी मावसबहीण काही वर्षांपासून इथे राहते. तिची नववीतली लेक जयपूरचीच झालेली. घरात मराठी, शाळेत हिंदी-इंग्रजी आणि मैत्रिणींशी मधूनच मारवाडी ठसका. आमची वाटाडी तीच होती.

सुरुवात जंतरमंतरपासून करा आणि तेही ऊन असताना. ढगाळ दिवशी तिथे फक्त विचित्र आकाराच्या भिंती दिसतात. ऊन पडलं की त्याच भिंती चालू होतात. सवाई जयसिंहांनी अठराव्या शतकाच्या पूर्वार्धात ही वेधशाळा उभारली आणि 2010 मध्ये ती जागतिक वारसा यादीत गेली. इथलं सम्राट यंत्र सुमारे 27 मीटर उंच आहे. त्याची तिरकी भिंत साधारण 27 अंशांत कललेली आहे, कारण जयपूरचा अक्षांशच तेवढा. या भिंतीची सावली बाजूच्या संगमरवरी कमानीवर सेकंदाला सुमारे एक मिलिमीटर सरकते. मुलांना कमानीपाशी उभं करा आणि मिनिटभर गप्प बसायला सांगा. सहा सेंटीमीटर सावली डोळ्यांदेखत सरकते. मोबाइलमधून मान वर काढायला लावणारी याहून चांगली युक्ती मला माहीत नाही.

सावलीचं घड्याळ आणि हातातलं घड्याळ जुळत नाही, तेव्हा मुलं हमखास विचारतात की हे चुकीचं आहे का. चुकीचं नाही. आपली घड्याळं 82.5 अंश रेखांशाची वेळ दाखवतात, जयपूर त्याच्या बरंच पश्चिमेला आहे. त्यामुळे इथला सूर्य सुमारे 27 मिनिटं मागे असतो, आणि त्यात ऋतूप्रमाणे काही मिनिटांची अधिक-उणी भर पडते. आपल्या मुंबईत तर हा फरक जवळजवळ 39 मिनिटांचा आहे.

इथे एक गोष्ट गाइड सहसा सांगत नाहीत. जयसिंहांच्या दरबारात मराठी विद्वानांना मोठा मान होता. त्यांचे गुरू रत्नाकर भट्ट पौंडरिक मूळचे महाराष्ट्रातले, आडनाव महाशब्दे. ब्रह्मपुरीत त्यांची हवेली आजही आहे आणि तिच्या एका दालनातली भित्तिचित्रं जपून ठेवलेली आहेत. युक्लिडची भूमिती अरबीतून संस्कृतात आणणारे जगन्नाथ सम्राट हेही मराठी होते, असं परंपरा सांगते. 18 नोव्हेंबर 1727 ला पाया घातलेलं, विद्याधर भट्टाचार्य या बंगाली पंडिताच्या मदतीने नऊ चौकटींत आखलेलं हे शहर. त्याच्या बौद्धिक गोतावळ्यात आपली माणसंही होती, हे ऐकून सासूबाई एकदम ताठ बसल्या.

पण तो अभिमान दहा मिनिटंच टिकला.

त्रिपोलिया बाजारातून जाताना एक सात मजली मनोरा डोकं वर काढतो. ईसरलाट. लोक त्याला सरगासूली म्हणतात. 1749 मध्ये सवाई ईश्वरीसिंहांनी तो बांधला, आपल्या विजयाची खूण म्हणून. (गाइड त्याला एक प्रेमकथाही चिकटवतात, ऐकायला छान आहे, एवढंच.) मनोऱ्याकडे बघत भाची सहज म्हणाली, “मावशी, या राजाने तुमच्या मराठ्यांना घाबरून विष घेतलं, माहितीये?”

‘तुमच्या’ हा शब्द सासूबाईंना लागला. मला मात्र वाटलं, पोर खरं तेच बोलतेय, तर नीट सांगावं.

झालं होतं असं. जयसिंह 1743 मध्ये गेले आणि ईश्वरीसिंह व माधोसिंह या दोन भावांत गादीचा वाद पेटला. मल्हारराव होळकर माधोसिंहांच्या बाजूने उतरले. ऑगस्ट 1748 मध्ये भर पावसात लढाई झाली आणि ईश्वरीसिंहांना नमतं घ्यावं लागलं. ठरलेली खंडणी थकली. डिसेंबर 1750 मध्ये होळकरांची फौज पुन्हा जयपूरवर चालून आली, तेव्हा ईश्वरीसिंहांनी विष घेऊन जीव दिला. माधोसिंह मराठ्यांच्याच पाठबळाने गादीवर आले. पण शहर हे विसरलं नव्हतं. जानेवारी 1751 मध्ये तटाच्या आत आलेल्या मराठ्यांवर जयपूरचे लोक अचानक तुटून पडले, आणि मेलेल्यांचा आकडा हजारांत सांगितला जातो. इतिहासकार लिहितात, त्यातले कित्येक जण आत आले होते ते नवं शहर, देवळं आणि बाजार बघायला.

म्हणजे आपल्यासारखेच. पिशव्या घेऊन, भाव विचारत, वर बघत.

आमच्याकडे पानिपत सगळ्यांना माहीत असतं, त्याआधीची ही दहा वर्षं कुणी फारशी सांगत नाही. पानिपतावर उत्तरेतून मदत का आली नाही, याचं एक उत्तर या बाजारातही आहे. मुलांना सहलीत असलं काही सांगावं का? मी म्हणेन, सांगावं. दहा-बारा वर्षांच्या पुढच्या मुलांना नक्कीच. जयपूरच्या बाकी राजांच्या छत्र्या गैटोरला आहेत. एकट्या ईश्वरीसिंहांची छत्री राजवाड्याच्या आवारात आहे. सासूबाईंनी ती बघायचीच असं ठरवलं आणि तिथे पोहोचल्यावर नुसत्या हात जोडून उभ्या राहिल्या. भाचीने मग ‘तुमचे मराठे’ ऐवजी ‘मराठे’ म्हणायला सुरुवात केली. आपलं नातं कुठल्या बाजूला लावायचं, हे तिचं तिने ठरवावं. दोन्ही बाजू तिच्याच आहेत.

राजवाड्यातले चांदीचे दोन प्रचंड रांजण चुकवू नका, प्रत्येकी सुमारे 345 किलोचे. माधोसिंह दुसरे 1902 मध्ये इंग्लंडला निघाले तेव्हा त्यातून गंगाजल घेऊन गेले होते. हवामहल बाहेरूनच जास्त देखणा. 1799 चा, 953 झरोक्यांचा. समोरच्या फुटपाथवरून बघा, फोटो काढा आणि पुढे व्हा. जंतरमंतर, हवामहल, आमेर, अल्बर्ट हॉल यांचं एकत्रित तिकीट मिळतं, ते पहिल्याच ठिकाणी घ्या. राजवाड्याचं तिकीट वेगळं असतं.

आता बगरू. वर जी 1748 ची पावसातली लढाई सांगितली, ती इथलीच. आज तिथे तोफा नाहीत, वाळत घातलेली कापडं आहेत. छीपा मोहल्ल्यात शिरलात की आधी आवाज येतो. लाकडी ठशावर मुठीने मारलेला ठोका, मग पुढचा, मग पुढचा. कारागीर जोखून बघत नाही, त्याच्या बोटांनाच ठशाची कड कळते.

कापड आधी हिरड्याच्या पाण्यात भिजवून वाळवतात, ते पिवळट होतं. काळा रंग लोखंडाचे गंजके तुकडे आणि गूळ दिवसेंदिवस आंबवून करतात. लाल रंगासाठी तुरटी. हिरडा आणि तुरटी दोन्ही आपल्या आजीच्या बटव्यातल्या वस्तू, त्यामुळे सासूबाई कारागिराला उलट प्रश्न विचारू लागल्या आणि तोही खुलला. मग दाबू. काळी माती, चुना, डिंक आणि किडक्या गव्हाचं पीठ एकत्र मळून तो चिखल ठशाने कापडावर छापायचा, वर लाकडाचा भुसा भुरभुरायचा, वाळवायचं आणि कापड निळीच्या हौदात बुडवायचं. जिथे चिखल, तिथे नीळ चढत नाही. हौदातून बाहेर काढलेलं कापड आधी हिरवट दिसतं आणि हवा लागताच बघता बघता निळं होतं. सगळी मुलं इथे ओरडतात. ओरडू द्या.

किमतीबद्दल घासाघीस करण्यापूर्वी एक हिशोब करा. दहा सेंटीमीटरचा चौकोनी ठसा धरला, तर साडेपाच मीटर लांब आणि सव्वा हात नव्हे, चांगल्या 110 सेंटीमीटर पन्ह्याच्या साडीवर एका रंगाचे सुमारे सहाशे ठोके पडतात. तीन रंग असतील तर अठराशे. धुणं, वाळवणं, उकळणं वेगळंच. शिवाय या कामाला पाणी भरपूर लागतं आणि या कोरड्या मुलखात ते स्वस्त नाही. बाजारात ‘हँड ब्लॉक’ म्हणून तीनशे रुपयांत मिळणारी बरीचशी कापडं स्क्रीन प्रिंटची असतात. ती घ्यायला हरकत नाही, फक्त त्यांना ती किंमत द्या आणि यांना ही.

ओळखायचं कसं? कापड उलटं करा. हातठशाचा रंग मागे बऱ्यापैकी उतरलेला दिसतो. नक्षी जिथे एका ठशातून दुसऱ्यात जाते, तिथे कुठेतरी केसभर सरकलेली असते, एखादं पान थोडं गडद असतं. मीटरभर कापडात एकही फरक सापडला नाही, तर शंका घ्या. विमानतळाच्या बाजूच्या सांगानेरचं काम वेगळं, पांढऱ्या जमिनीवर नाजूक बुट्टे. उन्हाळी कुर्त्यांना ते छान. चादरी-दुपट्ट्यांना मला बगरूच आवडतं.

ब्लू पॉटरी घ्यायची असेल तर एवढं लक्षात ठेवा की ती मातीची नसतेच. गारगोटीची पूड, काचेची पूड, मुलतानी माती, डिंक असं मिश्रण साच्यात दाबून करतात आणि एकदाच भाजतात. निळा रंग कोबाल्टचा, मोरपंखी तांब्याचा. विसाव्या शतकात ही कला विझत आली होती; कमलादेवी चट्टोपाध्यायांच्या प्रयत्नांनी आणि चित्रकार कृपालसिंह शेखावत यांच्या हातांनी ती पुन्हा उभी राहिली. आपटली की संपली, म्हणून हातातल्या बॅगेतच ठेवा.

आमेरचा किल्ला सकाळी उघडताच गाठा. हत्तीवरून वर जाऊ नका, चढ त्या जनावराला सोसत नाही. जीप मिळते, सासूबाई तिनेच गेल्या. शीशमहलात गर्दी असते, बाकी किल्ला निवांत आहे. तिथून फार लांब नसलेल्या जुन्या हवेलीत हातछपाईचं अनोखी संग्रहालय आहे. बगरू बघून झालं असेल तर ते दुप्पट कळतं.

आता स्वयंपाकघर. बाहेर प्याज कचोरी खाल्ली, लस्सी प्यायली, सगळं झालं. पण खरं जेवण वैशाली नगरातच झालं, बहिणीच्या शेजारणीकडे. जयपूरमध्ये घरगुती स्वयंपाक शिकवणाऱ्या बायका बऱ्याच आहेत. मुक्कामाच्या ठिकाणी विचारा, दोन-तीन तासांत शिकणं आणि जेवण दोन्ही होतं. खानदेशातल्या वाचकांना दाल-बाटी नवी नाही. फरक इतकाच की आपली बट्टी बहुधा आधी वाफवून किंवा उकडून मग तळतात, इथली बाटी गोवरीच्या निखाऱ्यावर भाजून तुपात बुडवतात. विदर्भाचे रोडगे तिच्या जास्त जवळचे. आणि गट्ट्याची भाजी बघितली की पाटवडी रस्सा आठवल्याशिवाय राहत नाही. ज्या मुलखात भाजी महाग आणि डाळ हाताशी, तिथे बायकांनी बेसनाचीच भाजी केली.

चौघांसाठी एक मोठी वाटी बेसन घ्या. त्यात दोन चमचे तेलाचं मोहन, दोन चमचे दही, ओवा, हळद, तिखट, मीठ घालून पीठ घट्ट मळा. सैल झालं तर गट्टे पाण्यात विरघळतात. बोटाएवढ्या जाड वळकट्या करून उकळत्या पाण्यात बारा-पंधरा मिनिटं शिजवा. वर तरंगल्या आणि अंगावर बारीक फोड आले की झाल्या. गार करून तुकडे करा. ते पाणी फेकू नका, रस्सा त्याचाच करायचा. वाटीभर दह्यात अर्धा चमचा बेसन, धणेपूड, हळद, तिखट फेटून घ्या. तुपात जिरं-हिंगाची फोडणी करून आच मंद करा, दही ओता आणि उकळी येईपर्यंत ढवळणं थांबवू नका. मग गट्ट्याचं पाणी, गट्टे, आणि मीठ अगदी शेवटी. शेजारणीचं म्हणणं, मीठ आधी पडलं की दही फाटायला निमित्त मिळतं.

सासूबाईंनी तिला पाटवडीला लागणारं खसखस-सुक्या खोबऱ्याचं वाटण सांगितलं. भाची दोघींमध्ये दुभाषी. तिने ‘वाटण’ला मारवाडीत काय म्हणायचं यावर बराच वेळ घालवला आणि शेवटी वाटण हाच शब्द तिकडे रुजू केला.

न्यायला काय घ्यावं? कचोरी दुसऱ्या दिवशीपर्यंत ठीक. घेवर श्रावणातला सगळ्यात ताजा. प्रवासात रबडीशिवायचा घ्या, तो टिकतो. वाळलेली केर-सांगरी महिनोन्‌महिने राहते. रात्रभर ताकात किंवा पाण्यात भिजवून, दोनदा धुऊन, उकडून मगच फोडणीला टाका. घाई केलीत तर केर कडू लागतात. ऑक्टोबर ते मार्च हवा सुखाची असते, पण डिसेंबर-जानेवारीत पहाटे चांगलीच थंडी पडते. स्वेटर न्या. नाही नेलात तर जयपुरी रजई घ्यावी लागेल, आणि त्याबद्दल कुणी तक्रार केल्याचं मी ऐकलेलं नाही.