एकच खोका, तीन इयत्ता

सनीव्हेल परिसरात माझ्या ओळखीची चार मराठी कुटुंबे मुलांना शाळेत न पाठवता घरीच शिकवतात. त्यांपैकी दोघांनी यंदा मला एकच प्रश्न विचारला: ख्रिश्चन होमस्कूलचा तयार संच घेतला तर काय बिघडेल? दोन्ही घरे धर्माने ख्रिश्चन नाहीत. एका घरात तीन मुले आहेत, साधारण पहिली, पाचवी आणि नववीच्या वयाची. मी प्रथिनांवर संशोधन करते, म्हणून विज्ञानाची पुस्तके मी चाळून पाहावीत अशी त्यांची अपेक्षा होती. ती चाळल्यावर जे मत बनले ते इथे मांडते आहे, कारण हा प्रश्न आपल्यापैकी आणखी काही जणांपुढे येणार आहे.

मी स्वतः सार्वजनिक शाळेच्या बाजूची आहे. वेगवेगळ्या घरांतल्या मुलांनी एका बाकावर बसण्याला पर्याय नाही असे मला वाटते. पण ज्यांनी निर्णय घेतला आहे त्यांना हिणवून काही साधत नाही. शिवाय, "असले धार्मिक खूळ कशाला?" असे म्हणण्याआधी हे पालक तिकडे का वळतात ते समजून घ्यायला हवे.

अमेरिकेतील होमस्कूल चळवळ 1980 च्या दशकात मुख्यतः इव्हँजेलिकल कुटुंबांनी वाढवली. 1993 पर्यंत घरी शिकवणे पन्नासही राज्यांत कायदेशीर झाले. त्यामुळे बाजारातले जुने, पूर्ण आणि घरपोच येणारे संच बहुतेक त्यांचेच आहेत. फ्लोरिडातील पेन्साकोला ख्रिश्चन कॉलेजशी जोडलेल्या 'अबेका'ची पुस्तके 1972 पासून निघतात. त्यात रोजचा पाठ आखलेला, अक्षर वळणदार, व्याकरण पक्के आणि उजळणी भरपूर. पाढे घोकून मोठे झालेल्या आपल्या पिढीला हे ओळखीचे वाटते. 1990 मध्ये सुरू झालेले 'सोनलाईट' मुळात परदेशी राहणाऱ्या मिशनरी कुटुंबांसाठी होते. त्यात आईवडिलांनी मोठ्याने वाचायची उत्तम पुस्तके आहेत आणि जवळपासच्या वयाची मुले एकत्र ऐकू शकतात. 'क्लासिकल कॉन्व्हर्सेशन्स'मध्ये चार ते बारा वयाची मुले एका आठवड्यात एकच माहिती पाठ करतात. तीन मुले, एक आई आणि ओट्यावर कुकर, अशा घराला एकच खोका सगळ्यांना पुरतो हे आश्वासन किती मोलाचे वाटत असेल! "बायबलचा तास आम्ही गाळतो" असे हे पालक सांगतात, तेव्हा ते प्रामाणिकच असतात.

कॅलिफोर्नियात त्यांना विचारणारेही कोणी नाही. फेब्रुवारी 2008 मध्ये इथल्या अपील न्यायालयाने, शिक्षकाचा परवाना नसलेल्या पालकांना घरी शिकवता येणार नाही, असा निकाल दिला. बरीच खळबळ झाली. फेरसुनावणीनंतर त्याच न्यायालयाने ऑगस्ट 2008 मध्ये तो फिरवला आणि घर ही खाजगी शाळा म्हणून चालू शकते असे सांगितले. पालक दरवर्षी ऑक्टोबरच्या पहिल्या पंधरवड्यात राज्याकडे खाजगी शाळेचे प्रतिज्ञापत्र भरतात. विषय कोणते हवेत ते कायद्यात आहे, पण पुस्तकात काय लिहिले आहे ते तपासायला कोणी येत नाही. म्हणजे ती जबाबदारी पूर्णपणे आईवडिलांची.

तेव्हा माझे म्हणणे थोडक्यात असे: खोका घेऊ नका, विषय घ्या. आणि प्रत्येक विषय प्रत्येक वयाला वेगळा तपासा.

माझी आई जिल्हा परिषदेच्या दोनशिक्षकी शाळेत होती. पहिली ते चौथी, चार वर्ग आणि खोल्या दोन. तिच्याकडे कुठला संच नव्हता, पण एक अक्कल होती. गोष्ट, गाणे, परिसरातली फेरी सगळ्यांना एकत्र. वाचन आणि गणित मात्र ज्याचे त्याचे वेगळे. लहानाला मोठ्याच्या गणितात ओढले तर तो रडतो आणि मोठ्याला लहानासाठी थांबवले तर तो बिघडतो, असे ती म्हणे. घरी शिकवणाऱ्यांनी हेच करावे. गणितासाठी सिंगापूर मॅथ आहे, सॅक्सन आहे. दोन्हींत धर्म नाही आणि दोन्हींत मूल आपल्या पायरीवर राहू शकते.

धर्माचा भागही वयाप्रमाणे बदलतो, इकडे मात्र फारसे लक्ष जात नाही. नोआच्या नावेची गोष्ट सहा वर्षांच्या मुलाने ऐकली तर ती गोष्ट असते, पंचतंत्रासारखी. जरूर ऐकावी, ज्या देशात राहायचे तिथल्या गोष्टी ठाऊक असाव्यात. दहा वर्षांच्या मुलाला तीच गोष्ट इतिहास म्हणून भेटते. काही ख्रिश्चन इतिहासपुस्तकांत कालरेषा सृष्टीच्या निर्मितीपासून सुरू होते, पुढे जगबुडी येते आणि पृथ्वीचे वय काही हजार वर्षांच्या पुढे जात नाही. ही कालरेषा भिंतीवर लावलेले मूल सुट्टीत पुण्याला जाते, आजोबांबरोबर सिंहगड चढते. त्याच्या पायाखालचा काळा पाषाण सुमारे 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा आहे. ते कोणावर विश्वास ठेवणार?

पंधराव्या वर्षी तीच गोष्ट जीवशास्त्राचे उत्तर होऊन बसते. इथे "तास गाळतो" हा उपाय चालत नाही, कारण गाळायला वेगळा तासच नसतो. पेशी, आनुवंशिकता, जीवाश्म, सगळ्यांत तो धागा विणलेला असतो.

या मुद्द्यावर आपल्याच राज्यात मोठा खटला झाला. कॅलिफोर्निया विद्यापीठाने अबेका आणि बॉब जोन्स विद्यापीठाच्या प्रकाशनाची जीवशास्त्राची पुस्तके वापरणारे अभ्यासक्रम प्रवेशासाठी मान्य केले नाहीत. ख्रिश्चन शाळांची संघटना, मुरिएटा येथील एक शाळा आणि काही विद्यार्थी यांनी 2005 मध्ये दावा लावला. बॉब जोन्सच्या पुस्तकाच्या प्रस्तावनेतच, निष्कर्ष देवाच्या वचनाशी जुळला नाही तर तो चुकीचा, मग पुरावे कितीही असोत, अशा अर्थाचे बजावलेले होते. विद्यापीठाच्या बाजूने जीवशास्त्रज्ञ म्हणून मत देणाऱ्यांत स्टॅनफर्डचे माजी अध्यक्ष डोनाल्ड केनेडी होते. 2008 मध्ये विद्यापीठ जिंकले आणि 2010 मध्ये वरच्या न्यायालयानेही तो निकाल कायम ठेवला. मला यातली सर्वांत महत्त्वाची गोष्ट वेगळीच वाटते. त्याच प्रकाशकाची भौतिकशास्त्राची आणि रसायनशास्त्राची पुस्तके विद्यापीठाने स्वीकारली होती. म्हणजे आक्षेप ख्रिश्चन असण्याला नव्हता. जिथे उत्तर आधीच ठरवून पुरावा मागाहून आणला होता, तिथेच फक्त होता. पालकांनी हीच कसोटी घ्यावी.

ही कसोटी नववीतल्या मुलालाही लावता येते. सायटोक्रोम सी नावाचे एक छोटे प्रथिन आहे, 104 अमिनो आम्लांची साखळी. माणूस आणि चिंपांझी यांच्या साखळीत एकही फरक नाही, ऱ्हीसस माकडाशी एक फरक आहे, घोड्याशी बारा. या साखळ्या इंटरनेटवर फुकट आहेत. मुलाला त्या समोर ठेवून स्वतः मोजू द्या आणि मग विचारा, असे का असावे? हा प्रश्न मोकळेपणाने विचारू देणारे पुस्तक घ्या, मग त्याचा लेखक रविवारी चर्चला जात असला तरी हरकत नाही. डार्विनचा अमेरिकेतील खंदा समर्थक, हार्वर्डचा वनस्पतिशास्त्रज्ञ एसा ग्रे, श्रद्धाळू प्रेस्बिटेरियन होता. पोप जॉन पॉल दुसरे यांनीही 1996 मध्ये उत्क्रांती ही केवळ एक कल्पना राहिलेली नाही असे मान्य केले. आपल्यातल्या मराठी ख्रिश्चन कुटुंबांनी श्रद्धा आणि विज्ञान यांत एक निवडावे असे म्हणण्याचे काहीच कारण नाही.

ख्रिश्चन शिक्षणाशी आपला संबंध आजचा नाही. जोतीराव फुले पुण्यात स्कॉटिश मिशनच्या शाळेत शिकले. अहमदनगरला (आजचे अहिल्यानगर) 1842 मध्ये अमेरिकन मराठी मिशनने 'ज्ञानोदय' सुरू केला. त्यात पुराणातला भूगोल आणि खगोल खोटा ठरवण्यासाठी आधुनिक विज्ञान हाती घेतलेले असे. हेतू धर्मप्रसाराचा होता हे खरेच. पण आपल्या लोकांनी दुर्बीण घेतली आणि हेतू बाजूला ठेवला. आजच्या काही संचांत त्याच अमेरिकेतून उलटे येते: हेतू जपण्यासाठी दुर्बीणच झाकलेली असते. पूर्वजांसारखे निवडून घ्यायचे तर आधी काय झाकले आहे ते पाहावे लागेल.

आणि हीच कसोटी आपल्या घरच्या खोक्यालाही लावू या. भारतात 2023 मध्ये एनसीईआरटीच्या दहावीच्या पुस्तकातून उत्क्रांती काढली गेली. अठराशेहून अधिक शास्त्रज्ञ आणि शिक्षकांनी त्याविरुद्ध पत्र लिहिले. 2015 मध्ये मुंबईच्या विज्ञान काँग्रेसमध्ये प्राचीन विमानांवर निबंध वाचला गेला. इथल्या शनिवार-रविवारच्या वर्गांत आपली मुले पुष्पक विमानाची गोष्ट ऐकतात तेव्हा ती गोष्ट म्हणून ऐकतात की इतिहास म्हणून, हे आपण कधी विचारतो का? अबेकाचे जीवशास्त्र नाकारून वैदिक विमानाला मान डोलावणे हा पुरोगामीपणा नव्हे.

ज्या पालकांनी विचारले त्यांना मी इतकेच सांगितले. धाकटीला गोष्टी आणि वळणदार अक्षर घ्या, हवे तर त्याच संचातून. मधल्याच्या इतिहासाची कालरेषा बदला. थोरल्याचे जीवशास्त्र दुसरीकडून घ्या आणि त्याला एपी परीक्षेला बसवा. तिचे गुण विद्यापीठ मानते. तिघांचे वाचन एकत्र, गणित वेगळे. खर्च थोडा वाढेल आणि आईची दमछाकही, म्हणून वडिलांनी निदान एक विषय उचलावा. शिकवण्याचे काम घरात आले म्हणजे ते आपोआप आईकडे जावे, असे कुठल्याच अभ्यासक्रमात लिहिलेले नाही.