समजावून सांगणे हेही औषधच

मागच्या पावसाळ्यात जामसांवलीजवळच्या एका वस्तीत गरोदर बायांशी बोलायला आम्ही गेलो होतो. सोबत रंगीत तक्ता होता. रक्तक्षय, लोह, हिमोग्लोबिन, सारे क्रमाने सांगितले. बायांनी माना डोलावल्या. निघताना एका सुनेने दाराआडून विचारले, "फादर, या गोळ्या खाल्ल्यानं लेकरू मोठं होते अन् बाळंतपण अडते म्हणतेत. खरं हाय का?" तिने महिनाभराच्या गोळ्या पिठाच्या डब्यामागे लपवून ठेवल्या होत्या. आम्ही अर्धा तास बोललो, पण तिच्या मनात जी भीती होती तिच्याविषयी एक शब्दही बोललो नव्हतो.

खरे उत्तर सोपे होते. गोळीने पोर फुगत नाही, आईचे रक्त भरून येते. शौचाचा रंग काळा होतो, कारण अंगाला न लागलेले लोह बाहेर पडते. त्यात भिण्यासारखे काही नाही. ज्या आईच्या अंगात रक्त कमी, तिला बाळंतपणातला रक्तस्राव सोसत नाही. खरी भीती ती आहे. गोळी चहाबरोबर घेऊ नये, लिंबू-संत्र्याबरोबर घेतल्यास अंगी लागते. आपल्या बागांतला संत्रा गाड्या भरून बाजाराला जातो. घरच्या गरोदर सुनेच्या वाट्याला रोज एक तरी येतो का, हे ज्याने त्याने पाहावे.

सेमिनरीत असताना आमच्या मनात मोठमोठी स्वप्ने होती. ध्येयवाद म्हणजे घरदार सोडणे, दूर जाणे, काहीतरी भव्य करणे, असे वाटे. आता चाळिशी ओलांडल्यावर वाटते की ध्येयवादाची परीक्षा त्या दाराआडच असते. एका आईला कळेपर्यंत थांबण्याचा धीर आपल्यात आहे का?

हा धीर कसा असतो, ते अहमदनगर (आताच्या अहिल्यानगर) जिल्ह्यातील जामखेडने दाखवले. डॉ. रजनीकांत आरोळे आणि डॉ. मेबल आरोळे हे ख्रिस्ती दांपत्य वेल्लोरला शिकलेले. शहरात सुखाने राहता आले असते. १९७० साली ते जामखेडला आले. त्या दुष्काळी भागात हजार जन्मांमागे १७६ बाळे पहिल्या वाढदिवसापूर्वीच दगावत. बाहेरून आणलेल्या नर्सबाईंचे गावात जमेना. मग त्यांनी गावातल्याच बाया निवडल्या. पुष्कळशा निरक्षर, काही दलित वस्तीतल्या. आपले ज्ञान त्यांनी या बायांच्या हाती दिले, आणि बायांनी ते आपल्या बोलीत घरोघर पोहोचवले. सुमारे वीस वर्षांत बालमृत्यूचे प्रमाण तिशीच्या खाली आले. १९७९ साली आरोळे दांपत्याला मॅगसेसे पुरस्कार मिळाला. पण खरा मान त्या बायांचा, असे आम्हास वाटते.

कोणी म्हणेल, आता दवाखाने आहेत, आशाताई आहेत, मोबाईल आहे. आपण कशाला सांगावे? २०२५ च्या सप्टेंबर-ऑक्टोबरात आपल्या शेजारच्या परासिया भागात काय घडले ते आठवा. खोकल्याच्या विषारी औषधाने वीसहून अधिक लहान मुलांचे मूत्रपिंड निकामी होऊन जीव गेले. दोष औषध बनवणाऱ्यांचा आणि तपासणीत हयगय करणाऱ्यांचा, आयांचा मुळीच नाही. तरीही पुढे कोणाच्या घरी असे होऊ नये म्हणून प्रत्येक आईला हे माहीत हवे: दोन वर्षांखालील मुलास खोकल्याचे औषध देऊ नये आणि पाच वर्षांखालीही सहसा देऊ नये, असे सरकारनेच सांगितले आहे. लहान मुलांचा साधा खोकला बहुधा आपोआप बरा होतो. पण मूल शांत असताना पूर्ण एक मिनिट घड्याळ लावून श्वास मोजावेत. दोन महिन्यांखालील बाळाचे ६० किंवा जास्त, वर्षाच्या आतल्याचे ५० किंवा जास्त, एक ते पाच वर्षांच्या मुलाचे ४० किंवा जास्त भरले, तर लगेच दवाखाना गाठावा. लघवी बंद झाली तरीही तसेच.

श्वास मोजणे दहा वर्षांच्या मुलीलाही जमते. म्हणून मुलांनाही सांगावे, आणि खरे सांगावे. "सुई टोचणार नाही" असे खोटे बोलून आपण पोराला दवाखान्यात नेतो. मग ते सुईला नव्हे, आपल्या शब्दाला भिऊ लागते. "थोडे दुखेल, मी हात धरतो" एवढे पुरे असते.

गाय व्याली की वासराला पहिला चीक पाजावा, हे आपल्या लहान पोरालाही ठाऊक आहे. मग नव्या बाळाला आईचा चीक न देता मध आणि गुळाचे पाणी का चाटवतो? जे गोठ्यात कळते ते घरात का कळू नये? कोणी समजावून सांगितले नाही, एवढेच.

आमची एक विनंती आहे. आपल्या धर्मग्रामात दहावी-बारावी शिकलेली मुले-मुली पुष्कळ आहेत. प्रत्येकाने आपल्या गल्लीतल्या एका गरोदर बाईच्या घरी जावे, मग ते घर कोणत्याही धर्माचे असो. आधी तिला काय वाटते ते विचारावे, नंतर आपण बोलावे. स्वतःला ठाऊक नसेल ते आशाताईंना विचारून सांगावे. आम्हीही त्या सुनेकडे पुन्हा गेलो. या वेळी तक्ता नेला नाही.