दोघी एकत्र आल्या की एक लाख

बदलापूर पूर्वेला, स्टेशनपासून सात मिनिटांवर आमचा आठ बाय दहाचा गाळा आहे. काचेवर माझा महारेरा नोंदणी क्रमांक चिकटवलाय आणि त्याच्या खाली माझ्या धाकट्या जावेचा. टेबल एक, डायरी एक, चाव्या अडकवायची फळीही एकच. कागदोपत्री मात्र आम्ही दोन वेगवेगळ्या एजंट आहोत.

रेरा कायदा 1 मे 2017 पासून पूर्णपणे लागू झाला. त्याच वर्षी मी 10,000 रुपये भरून नोंदणी केली. तिची मुदत पाच वर्षं. 2022 ला नूतनीकरणाचे पुन्हा तेवढेच भरले, 2027 ला पुन्हा भरायचे आहेत. वर्षाला 2,000 पडतात. ते मला जड जातात असं मी म्हणणार नाही. मे-जूनमध्ये शाळांच्या अ‍ॅडमिशनमुळे भाड्याची घरं हलतात, तेव्हा ते बाजूला काढता येतात. भाड्याच्या कामाला ही नोंदणी लागत नाही, पण नव्या प्रकल्पातला एक फ्लॅट जरी दाखवायचा तरी ती हवीच. 2023 मध्ये 20 तासांचं प्रशिक्षण आणि परीक्षा सक्तीची झाली, तेव्हाही मी कुरकुर केली नाही. रात्री भांडी आवरल्यावर कार्पेट एरियाची व्याख्या घोकली. आता पार्टीला मी तोच आकडा कागदावर लिहून देते, सुपर बिल्टअपचा नाही. परीक्षेने माझं काम सुधारलं.

माझं भांडण आहे ते दुसऱ्या आकड्याशी. एकट्या व्यक्तीला नोंदणीचे 10,000 आणि भागीदारी संस्था किंवा कंपनी असेल तर 1,00,000. दहा पट! मुंबईत शंभर सेल्समन पदरी असलेली कंपनी आणि एका टेबलावर बसणाऱ्या आम्ही दोघी जावा, दोघांनाही एकच दर. धंदा किती होतो, माणसं किती, हे कोणी विचारतच नाही. आमच्या सीएने भागीदारीचा मसुदा तयार केला होता. फी कळल्यावर आम्ही तो तसाच फाइलमध्ये ठेवून दिला.

त्यातून काय होतं ते सांगते. मागे दिवाळीच्या आधी 32 लाखांचा वन बीएचके विकला गेला. पार्टी जावेने आणली होती. तीन वेळा साइट दाखवली, त्यातली एक भर पावसात, गुडघाभर चिखलातून. बिल्डरच्या यादीत नाव माझं, त्यामुळे 2 टक्क्यांचं 64,000 चं बिल माझ्या नावानं गेलं. चार महिन्यांनी पैसे आले, तेही टीडीएस कापून. तिचा निम्मा वाटा मी त्याच संध्याकाळी दिला, डायरीत दोघींच्या सह्या आहेत. पण ती सगळी कमाई दिसली माझ्या रिटर्नमध्ये. पुढे ती बँकेत कर्जाला गेली, तर तीन वर्षांचे रिटर्न मागितले. सहा वर्षं ऊन-पाऊस न बघता हिंडलेली बाई, आणि कागदावर तिची कमाई जवळजवळ नाहीच. ती घरी येऊन काही बोलली नाही, नुसती डायरी उघडून बसली. मला ते फार लागलं. आता सीएच्या सांगण्यावरून ती मला तिच्या वाट्याचं बिल देते. पण एका धंद्याचे असे दोन तुकडे करून हिशेब किती दिवस ठेवायचा?

पुरुषांचं काय, असं कोणी विचारेल. त्यांचीही हीच अडचण आहे. कल्याण-बदलापूर पट्ट्यात दोन भाऊ, बाप-लेक असे धंदे कितीतरी आहेत. सगळे वेगवेगळ्या नावांनी नोंदणी करतात आणि आतून एकच गल्ला चालवतात. कायद्याला हवी असते हिशेबाची स्वच्छता, आणि फीच तिच्या आड येते.

म्हणून माझं मागणं आहे की तीन-चार भागीदारांपर्यंतच्या छोट्या संस्थांना माणशी 10,000 असा दर लावा. त्यापुढे आदल्या वर्षीच्या ब्रोकरेजवर टप्पे ठेवा. ज्याची उलाढाल कोटींत आहे त्याच्याकडून लाखाच्या वर घ्यायलाही हरकत नाही. आणि नूतनीकरण पहिल्या नोंदणीपेक्षा स्वस्त हवं, कारण पाच वर्षं तक्रारीविना काम केलेल्या माणसाची तपासणी पुन्हा पहिल्यापासून करावी लागत नाही.

आणखी एक. नोंदणीशिवाय नव्या प्रकल्पातली घरं विकणाऱ्याला कायद्यात दिवसाला 10,000 रुपये दंड आहे, घराच्या किमतीच्या 5 टक्क्यांपर्यंत. म्हणजे माझी पाच वर्षांची फी आणि त्याचा एका दिवसाचा दंड सारखाच. तरीही रविवारी सकाळी स्टेशनबाहेर माहितीपत्रकं घेऊन उभे असलेल्यांपैकी किती जणांकडे नोंदणी आहे, हे विचारायला कोणी आलेलं मी पाहिलेलं नाही. आमच्या फीतून महिन्याला एक रविवार तरी कोणाला तिथे पाठवा. त्या दिवशी मी गाळा बंद ठेवून त्यांच्यासोबत उभी राहीन.