घरचा कारागीर : परसांतील शेकोटी

मुंबईच्या उपनगरांत थंडी ती केवढी पडते आणि तिच्यासाठीं शेकोटी कशाला हवी, असा प्रश्न आमच्या पुण्या-नाशिककडील वाचकांस पडेल, व तो अगदींच गैर आहे असें म्हणतां येणार नाहीं. परंतु सांताक्रूझच्या वेधशाळेंत २२ जानेवारी १९६२ रोजीं पारा ७.४ अंशांपर्यंत उतरला होता, हेंही नमूद आहे. आणि मुलुंड, बोरिवली यांसारख्या डोंगरालगतच्या भागांत पौषांतील एखाद्या पहाटे कानटोपी शोधावी लागते, हा तेथील रहिवाशांचा अनुभव आहे. शिवाय शेकोटी केवळ थंडीसाठींच पेटवावयाची असते, असें नाहीं. रात्रीचीं जेवणें आटोपलीं, कीं घरांतील प्रत्येक माणूस आपापल्या खोलींत आपापला मोबाईल हातांत घेऊन बसतो. त्या सर्वांस एका वर्तुळांत आणून बसविण्याची शक्ति अग्नीखेरीज दुसऱ्या कशांत उरली आहे, असें मला दिसत नाहीं.

मुलुंड व बोरिवली हे भाग १९५७ सालीं बृहन्मुंबईंत आले. त्या काळचीं, मागें परस असलेलीं बैठीं घरें आतां मोजकींच राहिलीं आहेत. अशा एका घरांत आमचा संसार आहे, म्हणून हा प्रयोग मला करतां आला. मात्र तो पहिल्या खेपेस साफ फसला, आणि या लेखाचें खरें कारण तें फसणेंच होय.

गेल्या मार्गशीर्षांत नातवाच्या हट्टाखातर मीं शेकोटी करावयास घेतली. डोंगरावरून येणाऱ्या ओढ्यांतले गुळगुळीत, वाटोळे धोंडे दोघांनीं मिळून गोळा केले, परसांत त्यांचें रिंगण मांडलें आणि मध्यें जाळ केला. दृश्य मोठें रमणीय होतें. परंतु पाव घटकाही झाली नसेल, तोंच फटाका उडावा तसा आवाज होऊन एक धोंडा फुटला, व त्याची तापलेली कपची नातवाच्या कानाजवळून जाऊन तुळशीवृंदावनावर आदळली. चार बोटांचें अंतर होतें. सौभाग्यवतींनीं पाण्याची बादली त्या जाळावर ओतली आणि एवढेंच म्हटलें, “तुमची कारागिरी कागदावर राहूं द्या, मला पोरगा धडधाकट हवा.” यावर उत्तर नव्हतें.

मागाहून शोध केला, तेव्हां कारण उमगलें. ओढ्यांतील दगडाच्या भेगांत व छिद्रांत पाणी मुरलेलें असतें. तें उकळून वाफ होतांना सुमारें सोळाशेंपट जागा मागतें, व ती न मिळाल्यास दगडच फोडून बाहेर पडतें. आपल्या उपनगरांत दगडाला तोटा नाहीं. अंधेरीची गिल्बर्ट टेकडी म्हणजे ६१ मीटर उंचीचा काळ्या कातळाचा उभा स्तंभच आहे, आणि मुंबईचें प्रसिद्ध वस्तुसंग्रहालय कुर्ल्याच्या काळ्या व मालाडच्या पिंवळसर दगडानें बांधलेलें आहे. परंतु इमारतीस उत्तम तो दगड चुलीसही उत्तम, असा नियम नाहीं. वीट मात्र भट्टींतून भाजूनच निघालेली असते. अग्नीची परीक्षा ती आधींच उतरलेली आहे. यास्तव दुसऱ्या खेपेस मीं विटा घेतल्या.

आकार कोणता असावा, याचा विचार आपल्या पूर्वजांनीं बारकाईनें केलेला आहे. श्रौत अग्नींपैकीं आहवनीयाचें कुंड चौकोनी, दक्षिणाग्नीचें अर्धचंद्राकृति आणि गार्हपत्याचें वाटोळें असतें. आणि या तिन्हींचें क्षेत्रफळ सारखें कसें करावें, याची रीति शुल्बसूत्रांत सांगितली आहे. आपली शेकोटी हा कांहीं यज्ञ नव्हे. परंतु गार्हपत्य हा गृहपतीचा, घरचा अग्नि, म्हणून मीं त्याचाच आकार पसंत केला. व्यवहारदृष्ट्याही वर्तुळ सोयीचें आहे. त्याला कोपरा नसल्यामुळें अर्धवट जळलेलें लाकूड कोठें अडून धुमसत नाहीं, आणि भोंवतीं बसणारा प्रत्येकजण विस्तवापासून सारख्याच अंतरावर असतो.

जागा निवडतांना घाई करूं नये. घराची भिंत, कुंपण, सरपणाचा ढीग यांपासून निदान दहा फूट अंतर सोडावें. डोक्यावर आंब्याची फांदी, नारळाची झावळी किंवा विजेची तार असूं नये. अलीकडे पुष्कळ घरांत नळानें गॅस येतो; ती नळी व विजेची केबल जमिनींतून कोठून गेली आहे, हें कुदळ मारण्यापूर्वीं पाहून घ्यावें. मैलाटांकीच्या झांकणाजवळ तर जाऊंच नये. बोरिवलीच्या राष्ट्रीय उद्यानालगत ज्यांचें घर आहे, त्यांनीं हा खटाटोप मुळींच करूं नये, असें माझें मत आहे. पौषानंतर तेथें वाळलेल्या पानांचा थर सांचतो, आणि एक ठिणगी वाऱ्यावर कोठवर जाईल, हें कोणाच्याच हातीं नसतें.

आतां प्रत्यक्ष कृति. मध्यभागीं एक खुंटी ठोकून तिला दोन फुटांची सुतळी बांधावी व तिच्या टोंकाच्या काटकीनें जमिनीवर वर्तुळ ओढावें. हें चार फूट व्यासाचें वर्तुळ सहा इंच खोल खणावें. तळ ठोकून त्यांत चार इंच खडी पसरावी. आपल्याकडील पावसाचें पाणी तिच्यांतून खालीं उतरून जातें. खडी धुमशानें ठोकून बसविल्यावर वर दोन इंच कोरडी वाळू घालून सपाटी जमिनीच्या पातळीस आणावी. वाळूचा हा थर टाळूं नये. खालच्या ओलसर खडीस जाळाची थेट धग लागू न देणें हेंच त्याचें काम आहे. या कामास चार ते पांच पोतीं खडी व दोन पोतीं वाळू लागते.

नंतर त्याच खुंटीस पंधरा इंचांची सुतळी बांधून आंतलें वर्तुळ आंखावें. नऊ इंच लांब, चार इंच रुंद व तीन इंच जाड अशा साध्या विटा असतात. त्या आडव्या, तोंडाची चार इंची बाजू आंत करून, सूर्याच्या किरणांप्रमाणें मांडाव्या. पहिल्या थरांत चार दिशांस दोन-दोन इंचांच्या चार फटी हवेसाठीं सोडाव्या. म्हणजे त्या थरास एकवीस विटा बसतात. वरच्या दोन थरांस प्रत्येकीं तेवीस लागतात, व त्या खालच्या सांध्यांवर येतील अशा बसवाव्या. एकूण सदुसष्ट झाल्या. तुटफूट धरून पंचाहत्तर घ्याव्या. बाहेरच्या बाजूस राहणाऱ्या पाचरीसारख्या फटी दोन भाग माती व एक भाग वाळू यांच्या घट्ट चिखलानें भराव्या. सिमेंट वापरूं नये. तें धगीनें तडकतें, आणि पावसाळ्यापूर्वीं विटा उचलून ठेवावयाच्या झाल्यास अडचणीचें होतें. चिखल सावकाश वाळूं द्यावा. मग पहिल्या दिवशीं मूठभर काटक्यांचा लहानसा जाळ तासभर ठेवून विटांतील ओल घालवावी. त्या वेळीं मुलांस दूर ठेवावें.

खर्चाचा हिशेब वाचक मागतीलच. हल्लीं आमच्या भागांत जुन्या इमारती पाडून नव्या उठत आहेत; तशा एका ठिकाणाहून जुन्या विटा सहा रुपयांस एक या भावानें मिळाल्या, त्यांचे साडेचारशें झाले. टेम्पोचे चारशें आणि खडी-वाळूचे अडीचशें. एकूण अकराशें रुपये व दोन रविवार. जुनी वीट घेतांना तिला चिकटलेला सिमेंटचा थर तासून टाकावा, आणि दोन विटा एकमेकींवर आपटून खणखणीत नाद येतो कीं नाहीं तें पाहावें.

सरपणाविषयीं दोन शब्द. धूर म्हणजे न जळलेलें लाकूडच होय. लांकूड तापलें, कीं त्यांतून वायु निघतो. त्यास पुरेशी उष्णता व हवा मिळाली तर त्याची ज्योत होते, न मिळाली तर धूर होतो. ओल्या लाकडाची कांहीं शक्ति स्वतःचें पाणी आटविण्यांतच जाते, म्हणून तें धुमसतें. टोंकास चिरा पडलेलें व दुसऱ्यावर आपटतां टणटण वाजणारें बाभूळ, चिंच किंवा आंबा यांचें लाकूड घ्यावें. नारळाच्या करवंट्या तर फारच उत्तम. रंग दिलेल्या फळ्या, प्लायवुड, प्लास्टिक यांस शेकोटींत स्थान नाहीं, कारण त्यांचा धूर विषारी असतो. परसांतील झाडाची फांदी सरपणासाठीं तोडावयाची झाल्यास महापालिकेची परवानगी लागते. १९७५ चा झाडांच्या संरक्षणाचा कायदा स्वतःच्या आवारांतील झाडांसही लागू आहे. रचतांना जाड ओंडके खालीं, बारीक काटक्या वर, आणि पेटवावयाचें वरून. उलटें वाटेल खरें, परंतु खालून निघणारा वायु वरच्या ज्योतींतून जातांना जळून जातो व धूर पुष्कळ कमी होतो. रॉकेल किंवा पेट्रोल ओतण्याचा मोह कोणत्याही परिस्थितींत होऊं देऊं नये.

येवढें सर्व करूनही एक गोष्ट माझ्या ध्यानांत आली नव्हती. कुंपणापलीकडे एक वृद्ध गृहस्थ राहतात. त्यांस दम्याचा विकार आहे. दुसऱ्याच दिवशीं त्यांची सून आली व अत्यंत मर्यादेनें म्हणाली, “काका, तुमचा आनंद मोडावा असें वाटत नाहीं, पण काल बाबांना रात्रभर बसून काढावी लागली.” खरें सांगावयाचें, तर प्रथम मला रागच आला. परस माझा, लाकूड माझें, मग यांचें काय जातें? परंतु अंथरुणावर पडल्यावर उत्तर सुचलें : परस माझा आहे, हवा माझी नाहीं. हिवाळ्यांत रात्रीं वारा पडतो, जमिनीलगतची हवा गार व जड होऊन राहते, आणि धूर वर न जातां शेजाऱ्याच्या खिडकींत शिरतो. राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणानें २०१६ सालीं कचरा उघड्यावर जाळणाऱ्यास पांच हजार रुपयांचा दंड ठरविला. आणि २०२५ च्या जानेवारींत मुंबई उच्च न्यायालयानें बेकऱ्यांस लाकूड-कोळसा सोडून स्वच्छ इंधनाकडे वळण्यास मुदत घालून दिली. पालापाचोळा मीं जाळीत नाहीं, तो खताच्या खड्ड्यांत जातो; तरी दंड होत नाहीं म्हणून शेजाऱ्याचा श्वास कोंडावा, हें सुसंस्कृत गृहस्थास शोभणारें नव्हे.

तेव्हां आम्हीं एक नियम केला. शेकोटी पेटवावयाच्या दिवशीं दुपारींच त्यांच्या घरीं विचारावयाचें. त्यांनीं नको म्हटलें, तर कारण विचारावयाचें नाहीं. वारा अगदींच पडला असेल, तर त्यांस न विचारतांच बेत रद्द करावयाचा. आणि नऊच्या आंत विस्तव विझवावयाचा. या नियमानें गेल्या मोसमांत आमची शेकोटी अवघी पांच वेळां पेटली. नातवास तें थोडें वाटलें. मला तें पुरेसें वाटलें, कारण त्या पांचही संध्याकाळीं घरांतील एकही माणूस आंत बसून राहिला नाहीं.

सुरक्षिततेचे नियम थोडके आहेत, परंतु ते पाळलेच पाहिजेत. जवळ पाण्याच्या दोन बादल्या व वाळूची एक ठेवावी. नायलॉनची साडी व लोंबती ओढणी नेसून-पांघरून जवळ बसूं नये. विटांपासून तीन फुटांवर चुन्याची रेघ ओढून मुलांस ती ओलांडूं देऊं नये. विझवितांना पाणी थोडें थोडें शिंपडून काठीनें ढवळावें व राख पुरती निवाल्याखेरीज उठूं नये. वरून थंड दिसणाऱ्या राखेंत दुसऱ्या सकाळपर्यंत निखारा जिवंत राहूं शकतो. चटका बसल्यास तो भाग नळाच्या वाहत्या पाण्याखालीं वीस मिनिटें धरावा. बर्फ, हळद, दंतमंजन यांपैकीं कांहीं लावूं नये. आणि ज्यांस परस नाहीं, त्यांनीं शेकोटीची हौस कोळशाची शेगडी बंद खोलींत ठेवून भागवूं नये. तिच्यांतून निघणाऱ्या कर्ब-वायूस वास नसतो, आणि झोंपलेलें माणूस पुन्हां जागें होत नाहीं.

शेवटीं थोडें खाण्याचें. रायगडाकडे या दिवसांत पोपटी लावतात. मडक्यांत तळाशीं भांबुर्ड्याचा पाला घालून त्यावर मीठ-ओवा लावलेल्या वालाच्या शेंगा, बटाटे, रताळीं भरावीं, तोंड त्याच पाल्यानें गच्च बंद करावें, आणि मडकें पालथें ठेवून भोंवतीं जाळ करावा. पाण्याचा थेंबही न घालतां तीस-चाळीस मिनिटांत सर्व कांहीं आपल्याच वाफेवर शिजतें. जी वाफ ओढ्यांतल्या धोंड्यास फोडते, तीच येथें अन्न शिजविते; फरक एवढाच कीं, येथें तिला पाल्यांतून वाट ठेविलेली असते.

भोगीच्या संध्याकाळीं वारा चांगला होता. आम्हीं पोपटी लावली व पहिला वाडगा नातवाच्या हातीं कुंपणापलीकडे पाठविला. ते गृहस्थ बाहेर आले नाहींत. त्यांना तें शक्यही नव्हतें. परंतु वाडगा रिकामा परत आला, तेव्हां त्यांत तिळाची वडी होती, आणि त्यांची खिडकी त्या रात्रीं उघडीच होती.