जादूचें मोल

अद्भुतकथा म्हणजे निव्वळ पोरखेळ, असें कित्येक विद्वान टीकाकार मोठ्या आत्मविश्वासानें प्रतिपादन करितात. हें मत आम्हांस मुळींच मान्य नाहीं. फ्रँक हर्बर्ट या अमेरिकन लेखकाची ‘ड्यून’ (१९६५) ही कादंबरीच पाहा. तिच्यांतील ‘मेलांज’ नांवाचा मसाला आयुष्य वाढवितो, भविष्याची दृष्टि देतो. त्यावांचून ताऱ्याताऱ्यांमधील दळणवळणही बंद पडतें. पण लेखकानें हें वरदान फुकट वाटलेलें नाहीं. ज्यास त्याची संवय जडली, त्यास तो सुटल्यास मरणच! शिवाय तो उपजतो केवळ अराकिस या रुक्ष ग्रहावर, वाळूंतील प्रचंड कृमींच्या जीवनचक्रांतून. आणि पाणी हें तर त्या कृमींचें विष. म्हणजे तेथील तहानलेल्या फ्रेमेन लोकांनीं आपली भूमि हिरवी करावी, तर साऱ्या साम्राज्याचा आधारच नाहींसा व्हावा! असा पेच पोरखेळांत सांपडतो काय? नायक संकटांत पडतांच जिच्यांत आयतें अमृत टपकतें, ती कथा खुशाल टाकाऊ ठरवा. तेथें आम्हीही टीकाकारांच्याच बाजूचे. परंतु कथेंत जादू दिसतांच नाक मुरडण्यापूर्वीं त्या जादूचें मोल कोण देतो, एवढें तरी त्यांनीं पाहावें.